चेंगची लोउ: चारशे खोल्या, एक भिंत, एक छप्पर

चीनच्या फुजियान प्रांतात, नैर्ऋत्येकडच्या डोंगरांच्या बेचक्यात, योंगडिंग भागात गाओबेइ नावाचं गाव आहे. तिथे जिआंग आडनावाच्या हक्का घराण्याने बांधलेली चेंगची लोउ ही गोल मातीची इमारत १७०९ साली पुरी झाली. बाहेरून दिसते ती एक अजस्र भिंत. खालचे दोन मजले आंधळे, वर बारीक खिडक्यांची रांग, आणि त्यावर खूप पुढे आलेली कौलांची वळचण. आत गेलं की एकात एक चार कडी लागतात आणि अगदी मधोमध पूर्वजांचं दालन. भरभराटीच्या काळात इथे ८० पेक्षा जास्त कुटुंबं, म्हणजे ६०० वर माणसं एका दरवाजाआड राहत होती. सगळी एकाच आडनावाची.

अशा इमारतींना तुलोउ म्हणतात. २००८ साली युनेस्कोने फुजियानमधल्या ४६ तुलोउंना जागतिक वारसा यादीत घेतलं, त्यात चेंगची लोउ आहे. तेव्हापासून तिच्याबद्दल भरपूर लिहिलं जातं आणि बहुतेक लिखाण एकाच प्रश्नाभोवती फिरतं: मातीची इमारत तीनशे वर्षं टिकली कशी? उत्तर मातीत शोधलं जातं. चुना किती, चिकट तांदळाची पेज किती, गूळ घातला होता का. हा शोध गैर नाही, पण माझ्या मते तो अर्धाच आहे. त्या डोंगरांत माती सगळीकडे सारखीच होती. चेंगची लोउ टिकली ती तिच्यातल्या वाटण्यांमुळे: कोणाचं काय, सगळ्यांचं काय आणि पाणी गळायला लागलं की वर कोण चढणार, हे तिच्या आराखड्यातच ठरलेलं होतं. आज तिच्यापुढे जी अडचण आहे तीही त्याच वाटण्यांतून आलेली आहे.

बांधणारे लोक

आपल्याकडे 'हक्का' हा शब्द नूडल्सच्या गाडीवर पोचला तो कोलकात्यातून. तिथल्या टांगरा भागात चामडी कमावण्याचे कारखाने चालवणारे चिनी हक्काच होते. त्यांतले बरेचसे ग्वांगडोंग प्रांतातल्या मेइशियानचे, म्हणजे योंगडिंगला लागून असलेल्या मुलखातले. या लोकांचे पूर्वज उत्तरेच्या मैदानांतून, लढाया आणि दुष्काळ यांच्या रेट्याने, अनेक शतकं टप्प्याटप्प्याने दक्षिणेला सरकत आले. पोचले तेव्हा नदीकाठची सपाट जमीन आधीच्या लोकांकडे होती. यांच्या वाट्याला डोंगरउतार आले. उतारावर पायऱ्यापायऱ्यांची शेतं काढायची तर माणसांचं बळ लागतं आणि शेजारी परके असले तर तेच बळ राखणीलाही लागतं. योंगडिंगला स्वतंत्र प्रशासन १४७८ साली मिळालं, तरी डाकूंपासून वाचवायला सरकार धावून येईल असा भरवसा कोणाला नव्हता. जे काही संरक्षण होतं ते घराण्याचं.

दोन समजुती इथेच बाजूला करायला हव्यात. प्रत्येक तुलोउ हक्कांचाच असतो असं नाही. हुआआन भागातला एरयी लोउ हा सर्वांत देखण्या तुलोउंपैकी एक, पण तो मिननान, म्हणजे दक्षिण फुजियानची भाषा, बोलणाऱ्या घराण्याचा. तिथे रचनाही निराळी, प्रत्येक कुटुंबाची आपापली खडी बिऱ्हाडं. दुसरी समजूत अशी की हे गरिबांचं घर आहे, माती फुकट मिळते म्हणून बांधलेलं. चेंगची लोउएवढी इमारत उभी करायला एका घराण्याच्या तीन पिढ्या खपल्या. लाकूड, चुना, दगड, कारागीर, शेकडो मजुरांचं जेवण, हे सगळं रोख पैशाचं काम. मिंग आणि चिंग राजघराण्यांच्या काळात योंगडिंगच्या बारीक कापलेल्या तंबाखूला दूरवर मागणी होती, आणि इथल्या मोठमोठ्या तुलोउंमागे तो पैसा दिसतो. जवळच्याच होंगकेंग गावातला १९१२ चा झेनचेंग लोउ तर तंबाखू कापायच्या सुऱ्या बनवून श्रीमंत झालेल्या लिन घराण्याने बांधला.

या लोकांच्या बायका पाय बांधत नसत हेही सांगायला हवं. त्या शेतात राबत, ओझी वाहत. पुरुष व्यापाराला किंवा समुद्रापार गेले की मागे इमारत चालवणाऱ्या त्याच होत्या. तुलोउच्या गोष्टींत संस्थापक पुरुषांची नावं येतात. रोजची देखभाल करणाऱ्या बायकांची येत नाहीत.

भिंत

आधी दगडांचं जोतं, पुराचं पाणी चढेल त्याच्या वरपर्यंत. त्यावर फळ्यांचा साचा ठेवायचा, त्यात किंचित ओली माती ओतायची आणि धुम्मसाने ठोकून ठोकून घट्ट करायची. मातीत वाळू आणि चुना मिसळलेला. काही तुलोउंत महत्त्वाच्या जागी चिकट तांदळाची पेज आणि गूळही घातलेला असे. थरांच्या मध्ये बांबूच्या कांबी आणि फर जातीच्या झाडाच्या फांद्या आडव्या टाकत, म्हणजे भिंत उभी चिरत नाही. साचा पुढे सरकवायचा, पुन्हा ठोकायचं. एक फेर पुरा झाला की वरचा फेर. माती सुकायला वेळ द्यावा लागतो, घाई केली तर वरच्या वजनाने खालचा ओला थर फुगतो. त्यामुळे एका हंगामात साधारण एकच मजला चढवायची रीत होती. चेंगची लोउची भिंत तळाशी सुमारे दीड मीटर जाड आहे आणि वर जाताना निमुळती होते.

ही भिंत तोफेला घाबरत नव्हती आणि भूकंपालाही बऱ्यापैकी पुरून उरत होती. १६९३ च्या ह्वानजी लोउच्या भिंतीला १९१८ च्या भूकंपात मोठा तडा गेला आणि तो पुढे आपोआप बराचसा मिटला असं तिथले लोक सांगतात. तिचा खरा वैरी पाणी. पायथ्याकडून ओल चढू नये म्हणून जोतं, माथ्यावरून भिजू नये म्हणून ती लांबलचक वळचण. भिंत, जोतं आणि छप्पर यांतलं एक जरी ढिलं पडलं तरी बाकीच्या दोघांचा उपयोग नाही. चेंगची लोउची भिंत ठोकायला घेतल्यापासून छप्पर चढेपर्यंत आभाळ कोरडं राहिलं आणि काम संपल्यावरच पाऊस आला, अशी आख्यायिका जिआंग घराण्यात आहे. त्यांनी लढाईतल्या विजयाची आख्यायिका जपली नाही, पावसाची जपली. माती ठोकून घर बांधणाऱ्याला कशाची धास्ती असते ते यातून नीट कळतं.

वाटणी

आता मुख्य मुद्दा. बाहेरचं कडं चार मजली, प्रत्येक मजल्यावर ७२ खोल्या, म्हणजे २८८. दुसरं कडं दोन मजली, ८० खोल्यांचं. तिसरं एकमजली, ३२ खोल्यांचं, पूर्वी पोरांच्या शिकण्यासाठी वापरलेलं. एकूण ४००. चौथं कडं म्हणजे मधल्या दालनाभोवतीची छपराची गोल वाट, त्यात खोल्या नाहीत.

बाहेरच्या कड्यात कुटुंबाला मजला मिळत नाही. त्याला जमिनीपासून छपरापर्यंतचा उभा वाटा मिळतो. तळाला स्वयंपाकघर, त्यावर धान्याची खोली, त्यावर तिसऱ्या-चौथ्या मजल्यावर निजायच्या खोल्या. शेजाऱ्याचा वाटाही अगदी तेवढाच. ही बरोबरी वर्तुळाने दिली. चौकोनी तुलोउ आधीचे आहेत आणि संख्येनेही भरपूर आहेत. त्यांत कोपऱ्याच्या खोल्या अंधाऱ्या आणि कोंदट राहतात. वाटणीच्या दिवशी कोपरा कोणाला द्यायचा? वर्तुळाला कोपरा नाही. सगळ्या खोल्या एकाच मापाच्या, म्हणून तुळया आणि वासेही एकाच मापाचे कापता येतात आणि सुताराचं काम सोपं होतं. शिवाय तेवढ्याच लांबीच्या भिंतीत चौकोनापेक्षा वर्तुळात सुमारे २७ टक्के जास्त जागा मावते. ऊन-वाऱ्याचा फरक उरतो, तो कोणताच आराखडा मिटवू शकत नाही. पण थोरल्याला मोठी खोली आणि धाकट्याला लहान, ही भांडणाची जुनी जागा इथे मुळातच उरत नाही.

वाटा खाजगी, पण त्या वाट्यापर्यंत जायची वाट सामायिक. वर जायला सगळ्यांत मिळून चार जिने आणि प्रत्येक मजल्यावर आतल्या बाजूने अख्खा फेरा मारणारा सज्जा. चाळीची गॅलरी गोल वळवून तिची टोकं जोडावीत तसा. तिसऱ्या मजल्यावरच्या आपल्या खोलीत जायचं तर पाच-पंचवीस दारांवरून जावं लागतं. विहिरी दोन, त्या सगळ्यांच्या. एक मोठा दरवाजा आणि दोन बाजूचे, तेही सगळ्यांचे. हे अपरिहार्य नव्हतं. योंगडिंगमध्येच चुशी गावात १४१९ चा जिचिंग लोउ आहे. तिथे ७२ जिने आहेत, म्हणजे शेजाऱ्याच्या दारावरून न जाता आपापल्या जिन्याने वर जाता येतं. झेनचेंग लोउमध्ये विटांच्या आडव्या भिंती घालून कड्याचे आठ भाग केले आहेत, आग लागली तर एका भागातच अडावी म्हणून. चेंगची लोउच्या लोकांनी मात्र सज्जा पुरा मोकळा ठेवला. मला हा सोयीचा निर्णय वाटत नाही. रोज एकमेकांच्या दारावरून जायला लागावं असा तो विचारपूर्वक घेतलेला निर्णय आहे.

मधल्या दालनात एक जोडलेख, म्हणजे दोन जुळत्या ओळींचा लेख, आहे, त्याचा आशय असा: सगळे एकाच मुळातून आलेले, जवळचा-लांबचा फरक फारसा नाही, मग तुझं-माझं कशाला, एका इमारतीत राहतो, येता-जाता तोंडं दिसतात, तेव्हा नाती सांभाळणं सर्वांत महत्त्वाचं. दरवाजावरचा लेख कष्ट, काटकसर, वाचन आणि नांगर यांची आठवण देतो. असे लेख भांडणं होत नाहीत म्हणून कोरले जात नाहीत. शंभर चुली एका अंगणात धूर काढत असतील तर भांडणं होणारच, आणि म्हणूनच ते वाक्य सगळ्यांच्या नजरेसमोर, पूर्वजांच्या साक्षीने, लाकडावर हवं होतं.

तरीही माणसं इतकी होती की सगळे सगळ्यांना ओळखत नसत. एका लग्नाच्या पंगतीत दोन बायका शेजारी बसल्या, आपण राहतो ती इमारत किती मोठी यावरून दोघींची चढाओढ लागली, आणि शेवटी कळलं की दोघी चेंगची लोउच्याच, एक पूर्वेकडची, दुसरी पश्चिमेकडची. गोष्ट खरी असेल किंवा रचलेली, ती गाओबेइत आवडीने सांगितली जाते.

आता छपराकडे या. कौलं नुसती एकावर एक ठेवलेली असतात. वादळाने सरकतात, मांजरांनी हलतात, शेवाळाने फुटतात. फुजियानला दर उन्हाळ्यात टायफून झोडपतात. म्हणजे शाकारणी वर्षाच्या वर्षाला हवी. कागदावर प्रत्येकाच्या उभ्या वाट्यावर त्याचं त्याचं छप्पर आहे. पाणी मात्र वाटणी मानत नाही. तुमच्या डोक्यावरचं कौल फुटलं तर वासा शेजाऱ्याचाही कुजतो, आणि पाणी भिंतीच्या माथ्यात शिरलं की ती भिंत सगळ्यांची असते. प्रत्येक वाट्यात चूल पेटत होती, तेव्हा प्रत्येक वाट्याला एक तरी माणूस होता ज्याच्या अंथरुणावर थेंब पडला असता. गळती एका रात्रीत कळायची आणि दुसऱ्या दिवशी कोणीतरी वर चढायचं. चेंगची लोउची खरी देखभाल यंत्रणा ही एवढीच होती, आणि ती तीनशे वर्षं पुरली.

रिकामे वाटे

चेंगची लोउच्या शेजारीच च्याओफू लोउ ही लहानशी गोल इमारत आहे. ती १९६२ ची, परदेशी गेलेल्या नातलगांच्या पैशांवर उभी राहिलेली. म्हणजे साठच्या दशकातही गाओबेइतल्या माणसाला नवं घर बांधायचं तर गोल आणि मातीचंच सुचत होतं. पुढच्या काही दशकांत हे बदललं. डाकू राहिले नव्हते. किनाऱ्यावरची शहरं, विशेषतः श्यामेन, माणसं ओढू लागली. गावातही विटा-सिमेंटची घरं उभी राहिली, आणि ती माणसांना आवडली त्याचं एक साधं कारण संडास आहे. तुलोउत आत संडास नसतो. रात्री भांडी वापरायची, सकाळी ती बाहेर न्यायची. ज्या बाईने ती भांडी चार मजले खाली वाहिली आहेत तिला नव्या घराचं आकर्षण वाटलं यात तिची चूक नाही. वारशावर लिहिणाऱ्यांनी या कारणाला फारच कमी जागा दिली आहे.

२००१ साली चेंगची लोउ राष्ट्रीय संरक्षित वास्तू झाली, २००८ मध्ये जागतिक वारसा. पर्यटक आले, तिकीट आलं. तळमजल्यावरच्या पुष्कळ स्वयंपाकघरांतून आज चहा, सुकवलेल्या भाज्या आणि आठवणीच्या वस्तू विकल्या जातात. वर राहणारी माणसं पूर्वीच्या मानाने फार थोडी उरली आहेत, त्यांतही म्हातारी जास्त.

इथे वाटणीचं गणित उलटतं. वर्तुळाने खोल्या सारख्या दिल्या, गिऱ्हाईक सारखं दिलं नाही. पर्यटक दरवाजातून शिरतो, दालनाकडे जातो आणि वळतो. दरवाजाजवळच्या चुलीपाशी तो थांबतो, मागच्या अंगाला पोचेपर्यंत त्याच्या हातात आधीच पिशवी असते. तीनशे वर्षं ज्या वाट्यांची किंमत एक होती, त्यांची किंमत आता दारापासूनच्या अंतरावर ठरते. दुसरी गोष्ट, कमाई तळमजल्याची आहे आणि गळती चौथ्या मजल्याची. तळमजला चालू ठेवून वरच्या तिन्ही खोल्यांना कुलूप लावता येतं, आणि त्या कुलूपबंद खोलीत पाणी महिनाभर गळलं तरी कोणाची झोप मोडत नाही. आणि प्रत्येक पिढीत वाटण्या होत गेल्यामुळे एकेका वाट्याचे हक्कदार वाढत गेले, त्यांतले काही श्यामेनला, काही परदेशात. दुरुस्तीच्या कामाला होकार कोणाकडून घ्यायचा हाच पहिला प्रश्न होऊन बसतो.

याचं टोक पाहायला गाव सोडावं लागत नाही. त्याच गाओबेइत वुयुन लोउ हा चौकोनी, चेंगची लोउपेक्षा जुना तुलोउ आहे. माणसं निघून गेली, लाकूडकाम कललं, टेकू लावून तो उभा राखावा लागला. माती तीच, पाऊस तोच. दोन्ही इमारती युनेस्कोच्या यादीत आहेत. फरक एवढाच की एकीच्या वाट्यांत माणसं टिकली, दुसरीतल्या वाट्यांतून आधी निघून गेली.

युनेस्कोने तुलोउंना स्थान देताना त्यांच्या सामूहिक राहण्याच्या आणि संरक्षणाच्या पद्धतीचा उल्लेख केला आहे, फक्त बांधकामाचा नाही. पण संरक्षणाचे नियम स्वभावतःच दिसणाऱ्या गोष्टींवर चालतात: भिंतीला हात लावू नका, खिडकी मोठी करू नका, नळ बाहेरून फिरवू नका. भिंत वाचते आणि राहणं अवघड होतं. माझं मत स्पष्ट आहे. या इमारतीत माणूस राहणं हाच संरक्षणाचा पहिला उपाय धरला पाहिजे, त्याखातर आतल्या सोयींत फेरफार करावे लागले तरी. भिंतीबाहेर पण लगत चांगले सामायिक संडास-न्हाणीघर, आतल्या लाकडी भागात सहज काढता येतील अशा नळजोडण्या, आणि ज्यांचे वाटे बंद आहेत त्यांनी ते घराण्यातल्या इतरांना वापरायला द्यावेत अशी मुभा. यांतलं काहीच मातीच्या भिंतीला धक्का लावत नाही.

छपराबाबत याहून कडक भूमिका घ्यायला हवी. विहीर जशी पहिल्यापासून सामायिक आहे तसं छप्परही आता पूर्ण सामायिक मानायचं. कोणाचा वाटा चालू, कोणाचा बंद, हे न विचारता अख्ख्या कड्याची शाकारणी टायफूनचा हंगाम सुरू व्हायच्या आत व्हावी, आणि तिकिटाच्या उत्पन्नातून पहिला खर्च तिचा निघावा. घरोघरी वाटायचे पैसे त्यानंतर. यावर आक्षेप येईल की त्यामुळे हक्कदारांचा हक्क पातळ होतो. होतो. पण रोज गळती शोधणारी शंभर अंथरुणं आता तिथे नाहीत, तेव्हा ते काम कोणाला तरी नेमून द्यावंच लागेल.

२००८ मध्येच फोशानजवळ, ग्वांगझोउच्या वेशीवर, अर्बनस या वास्तुरचनाकारांनी वांके या बांधकाम कंपनीच्या पैशांतून कमी उत्पन्नाच्या कामगारांसाठी एक गोल इमारत उभारली. मधलं अंगण, भोवती सारख्या आकाराच्या लहान खोल्या, सामायिक सज्जे, सगळं तुलोउवरून घेतलेलं. राहणारे एकमेकांना परके आणि भाडेकरू. तिथे छप्पर गळलं तर कोणाला कळवायचं हे भाडेकराराने ठरतं, पूर्वजांच्या दालनाने नाही. नात्यातली माणसं पांगली तरी गोल घर चालू शकतं, फक्त नात्याने जे काम फुकट होत होतं त्याची जबाबदारी कागदावर लिहावी लागते. चेंगची लोउच्या हक्कदारांना यातून घेण्यासारखं आहे.

यादीतले तुलोउ ४६. फुजियानमध्ये तुलोउंची संख्या तीन हजारांवर धरली जाते. उरलेल्यांपैकी बहुतेकांकडे तिकीट नाही, पर्यटक नाही, आणि वाट्यांचे मालक तितकेच पांगलेले. तिथे छपराचा करार आधी व्हायला हवा, कारण तिथे चुकलेली एक शाकारणी भरून काढायला नंतर कोणाचाही पैसा येणार नाही.